एक आणा उतरेपर्यंत

दिगांबरराव पटवारी कोणालाही ‘कसं काय?’ असं विचारत नसत. ते विचारत, ‘किती आणे?’

नवखा माणूस गोंधळून जायचा. गावातला माणूस मात्र क्षणभर डोळे मिटायचा, गुडघ्यावर नाहीतर पोटावर हात ठेवून अंदाज घ्यायचा आणि सांगायचा, ‘सहा.’ किंवा, ‘काल सात व्हते, आज पाच.’ दिगांबरराव मान हलवायचे, धोतर सावरून समोर बसायचे, आणि मग त्यांना तिथून उठवणं हे मूळ दुखण्यापेक्षा अवघड होऊन बसायचं.

ज्यांचा शेतीशी संबंध नाही त्यांच्यासाठी ही आण्यांची भानगड सांगून टाकतो. कापणीच्या आधी पटवारी बांधावर उभा राहायचा आणि उभं पीक किती आणे आहे ते ठरवायचा. याला आणेवारी म्हणतात. सोळा आणे म्हणजे भरलेलं पीक. सहा आण्यांच्या खाली गेलं की शेतसारा माफ व्हायचा. म्हणून शेतकरी नेहमी कमी सांगणार आणि पटवारी दोन आणे चढवून धरणार, हे दोघांनीही गृहीत धरलेलं. दिगांबररावांनी हे काम वीस-बावीस वर्षं केलं. त्यांच्या आधी त्यांच्या वडिलांनी निजामाच्या अमलात केलं.

आमचं गाव मराठी बोलणारं, पण राज्य आंध्राचं. मग एक दिवस हैदराबादच्या सरकारनं सगळे पिढीजात पटवारी काढून टाकले. दप्तर बैलगाडीत घालून मुधोळच्या कचेरीत जमा झालं. दिगांबररावांकडे राहिली एक छत्री, एक चष्मा आणि आण्यांत बघायची नजर. बघायला शेतं उरली नाहीत म्हणून ते माणसांची दुखणी बघायला लागले, असं आम्ही गावकरी समजत होतो. कोणी खाटेवर पडलं की हे छत्री टेकत हजर. या भेटीला ते ‘मुआयना’, म्हणजे सरकारी पाहणी, म्हणत, जणू वरून हुकूम सुटलाय.

मी त्याच गावातल्या सरकारी मराठी शाळेत मास्तर. खोटं कशाला सांगू, मला हा माणूस सुरुवातीला आवडत नव्हता. आमच्या मागच्या दोन पिढ्यांनी पटवाऱ्याच्या उंबऱ्याबाहेर उभं राहून आयुष्य काढलं होतं. बाबासाहेबांमुळे मी खुर्चीवर बसलो आणि मला ‘गुरुजी’ म्हणायला दिगांबररावांच्या जिभेला फारसे कष्ट पडले नाहीत हे खरं, पण जुनं काही एका शब्दानं धुऊन जात नाही. तेव्हा मी त्यांची चेष्टा करायचो, आणि त्यात मला थोडं समाधानही मिळायचं.

एकदा शाळेच्या ओट्यावर त्यांनी मला सगळी शिडी समजावून सांगितली.

“दोन आण्याला काम सुरू राह्यते. चार आण्याला माणूस काम करता करता बोलून दाखवते. सहाला घरच्यांवर खेकसते. आठला भाकर गोड लागत नाई. दहाला शेजाऱ्याच्या दारात जाऊन बसते. बाराला देव आठवते. चौदाला देवही आठवत नाई.”

“आणि सोळाला?”

“सोळाला माणूस बोलत नाई, गुरुजी.”

“म्हणजे ज्याला सगळ्यात जास्त दुखतं त्याची नोंदच नाही! छान आहे तुमची आणेवारी.”

मी पोट धरून हसलो. दिगांबररावांनी चष्मा काढून धोतराच्या टोकानं पुसला आणि शाळेच्या घंटेकडे बघत बसले. विनोद त्यांना कळला नाही असं मला वाटलं.

त्यांचे कायदे दोनच होते. पहिला, सांगणाऱ्यानं सांगितलेले आणे तेच धरायचे. आपण त्यात चढवायचं नाही, उतरवायचं नाही. दुसरा, एक आणा उतरेपर्यंत उठायचं नाही. या दुसऱ्या कायद्यानं गाव जेरीस आलं होतं. आमच्या किराणा दुकानदार शेटजींना बसण्याच्या जागी काहीतरी त्रास होता. तो त्यांनी कोणाला सांगितला नव्हता. पण ते गादीवर एका बाजूनं बसायला लागले आणि दिगांबररावांनी ते टिपलं. “किती आणे, शेटजी?” शेटजींच्या तोंडून ‘छे’, म्हणजे त्यांच्या हिंदीतले सहा, निघून गेलं. झालं. दिगांबरराव सकाळी दुकानाच्या पायरीवर बसले ते दुपार झाली तरी हलेनात. मीठ घ्यायला आलेल्या बायकांसमोर दर घटकेला विचारणा, “आता?” शेवटी शेटजी ओरडले, “उतर गया! पूरा उतर गया!” दिगांबररावांनी त्यांच्याकडे संशयानं पाहिलं. पण कायदा म्हणजे कायदा. “तुमी म्हणता तर उतरला,” असं म्हणून ते छत्री घेऊन उठले. त्यानंतर गावातली निम्मी दुखणी दिगांबरराव दारात दिसल्याबरोबरच उतरायला लागली.

औषध ते कधीच देत नसत. फार तर तव्यावर मीठ तापवून त्याची पुरचुंडी, निरगुडीचा पाला, गुडघ्याखाली गोधडीची घडी. “दुखण्याला नीट बसायला जागा द्या, म्हणजे ते उगाच हातपाय पसरत नाई,” असं म्हणायचे. डाग देणाऱ्यांशी मात्र त्यांचं उभं वैर. पोटात कळ उठली की विळा तापवून पोटावर टेकवायचा, ही आमच्याकडची जुनी चाल. असं कुठे चाललंय कळलं की दिगांबरराव धावत जायचे आणि छत्री आडवी धरून दारात उभे राहायचे. “दहा आण्याच्या दुखण्यावर चौदा आण्याचं दुखणं ठेवून दहा विसरवायचे, हा कोणता कायदा?” लोक हसायचे, पण विळा चुलीतून बाहेर काढायचे.

आणि त्यांचा खरा उपाय म्हणजे शेतं. गावातली सगळी शेतं त्यांना क्रमानं पाठ होती. दुखणाईताजवळ बसले की एका टोकापासून सुरू करायचे. “चला, वेशीपासून निघू. उजव्या हाताला पांढरीचं शेत. काळी जमीन, वर थोडी खारवट चोपण. पुढे नाला. नाल्याच्या पलीकडं टेकडीचं शेत, विहिरीला पाणी मार्गशीर्षापर्यंत.” ऐकणाऱ्याला आधी कंटाळा यायचा. मग म्हातारी माणसं डोळे मिटून त्यांच्याबरोबर बांधाबांधानं चालायला लागायची. कोणी म्हणायचं, त्या विहिरीत माझी बादली पडली होती. कोणाला झोप लागायची. मी याला कंटाळ्याचा उपचार म्हणायचो, आणि तो लागू पडतो हे मला अजिबात आवडायचं नाही.

सरकारी दवाखान्यातही ते लोकांबरोबर जायचे. डॉक्टर तरुण, तेलुगू भागातला, भला माणूस. तो विचारायचा, “नोप्पि उन्नदा?” दुखतंय का, एवढंच. आमच्या बायका त्याला सांगायच्या, ठणकते, शिणक भरते, चमक मारते, आतून सलते, नुसतं हुळहुळते. या सगळ्याला डॉक्टरांकडे ‘नोप्पि’ हा एकच शब्द. मग दिगांबरराव एका चिठ्ठीवर जागा आणि आणे लिहून पुढे सरकवायचे. आधी डॉक्टर हसला. वर्षभरानं तोच ‘किती आणे’ असं तेलुगूत विचारायला लागला, “पटवारीगारू, एन्नि अणालु?”

हे सगळं गमतीचं होतं, माझ्या मायला पोटात गाठ निघेपर्यंत.

नांदेडला दाखवून आणलं. तिथले डॉक्टर म्हणाले, आता कापण्यात अर्थ नाही, घरी न्या, त्रास होऊ देऊ नका. त्रास होऊ देऊ नका, हे म्हणायला सोपं. आमच्या डॉक्टरांकडे कुलपाच्या कपाटात भारी इंजेक्शनं होती. ती मोजकीच यायची आणि ज्याला खरी गरज त्यालाच द्यायची, असा वरचा नियम. मी मायला बैलगाडीत गवत आणि गोधड्या घालून नेलं. डॉक्टरांनी वाकून विचारलं, “अम्मा, नोप्पि उन्नदा?” माय तेवढं तेलुगू समजायची. ती म्हणाली, “नाई बाबा. बरी हाय.” डॉक्टरांनी साध्या गोळ्या दिल्या. परत येताना गाडी दगडावर आदळली तेव्हा तिनं गोधडीचा कोपरा दातांत धरला. मी पाहिलं आणि तिनं मी पाहिल्याचं पाहिलं.

दुसऱ्यांदा नेलं. मी सांगून पाहिलं, पण डॉक्टर म्हणाले, रोग्यानं स्वतः सांगायला हवं. पुन्हा तेच. “बरी हाय.”

मग दिगांबरराव आले. आमच्या घरात ते पहिल्यांदाच येत होते. उंबऱ्याशी क्षणभर थांबले, छत्री बाहेर टेकवली, आत येऊन जमिनीवर बसले. मायचा जीव अर्धा झाला. जन्मभर ज्यांच्यापुढे बसली नव्हती ते आले म्हणून ती पदर डोक्यावर ओढत उठायला लागली. त्या उठण्यानंच दोन आणे वाढले असतील.

“किती आणे, बाई?”

“दोन.”

दिगांबररावांनी तिच्याकडे पाहिलं. कपाळावर घाम, ओठ चावून काळे पडलेले. शेंबड्या पोरालाही कळलं असतं. पण सांगणाऱ्याचे आणे ते सांगणाऱ्याचे. ते बसले आणि शेतं सुरू केली. माय ऐकत होती. त्या एकूण एक शेतात तिनं निंदणी-खुरपणी केली होती, मालकांपेक्षा तिलाच ती जास्त ठाऊक. “...पांढरी. कोपऱ्यावर आंबा,” दिगांबरराव म्हणाले.

“चिंच,” माय म्हणाली.

“आंबा हाय, बाई.”

“आंबा कुठून आला तिथं? चिंच हाय. माह्या लेकराला त्याच चिंचेखाली झोळी बांधून निजवलं मी.”

लेकरू म्हणजे मी. दिगांबररावांनी चिंच मान्य केली. ते रोज यायला लागले. माय रोज त्यांच्याबरोबर गावभर हिंडायची, आणि रोज विचारलं की सांगायची, “दोन.” दोनाचा एक आणा उतरला असं म्हणायची सोय नव्हती, म्हणून ते दिवस दिवस बसून राहायचे.

एक दिवस मी तिच्यावर चिडलो. “माय, खरं काऊन सांगत नाहीस? तू सांगितल्याशिवाय डॉक्टर इंजेक्शन देणार नाही!”

ती शांतपणे म्हणाली, “जल्मभर पटवाऱ्यायपुढं जे गाऱ्हाणं सांगितलं ते कमीच धरल्या गेलं. आता मी आपणच कमी सांगते.”

हे मी दिगांबररावांना सांगायला नको होतं. पण मी सांगितलं. ते निघाले होते, छत्री हातात घेत होते, आणि मी बाहेर येऊन तेच वाक्य त्यांच्या तोंडावर मारलं. वर माझं एक जोडलं, “ही तुमचीच आणेवारी आहे, पटवारी.” माझी माय मरत होती आणि मला कोणावर तरी ओरडायचं होतं. ते चालायला लागले. छत्री माझ्या दारातच राहिली.

दुसऱ्या दिवशी ते आले नाहीत. तिसऱ्या दिवशी सकाळी आले. मी बाहेर पडवीत पोरांच्या वह्या तपासत होतो. आतलं सगळं मला ऐकू येत होतं.

आज त्यांनी आणे विचारले नाहीत. शेतंही काढली नाहीत. म्हणाले, “बाई, माह्या घरची आठवते तुले?”

“आठवते तं. कुंकवाचा मोठा टिळा लावायच्या.”

“आण्याची ही खोड तिची. माही चेष्टा करायची ती. डोकं दुखलं की म्हणे, अहो पटवारी, आज चार आणे हाय, सारा माफ करा. आमी दोघं हसायचो. एक दिवस म्हणाली, पोट चौदा आणे दुखून राह्यलं. वरचे गिरदावरसाब मुआयन्याला येणार व्हते, मले शेतावर जायचं व्हतं. आता मी पटवारी. रयत पीक कमी सांगते आन दुखणं जास्त सांगते, हे धरून चालणारा माणूस. मी आठ धरले. म्हणलं ओवा खा, पडून राह्य. संध्याकाळी म्हणाली, चौदा. म्या आठच धरले. दुसऱ्या दिवशीही शेतावर गेलो. तिसऱ्या दिवशी घरी आलो तं ती बोलत नव्हती. डोळे उघडे, पर बोलत नव्हती. आत आतडं फुटलं व्हतं म्हणे.”

माझ्या हातातला लाल पेन्सिलीचा तुकडा तसाच राहिला. ती गेली तेव्हा मी आदिलाबादला मास्तरकीचं शिक्षण घेत होतो. गाव एवढंच म्हणत होतं की पटवाऱ्याची बायको अचानक गेली. सोळाला माणूस बोलत नाही यावर मी हसलो होतो. पोट धरून हसलो होतो.

आत दिगांबरराव म्हणाले, “तुमच्या लोकायचं गाऱ्हाणंही मी कमीच धरलं. नाई म्हणत नाई. पर बाई, मले पुन्हा एकदा चुकीचे आणे धरायला लावू नको. हात जोडतो.”

मी दारातून पाहिलं. त्यांनी खरोखरच हात जोडले होते. माझी माय त्यांच्याकडे बघत होती. ती आज उठून बसली नव्हती, डोक्यावरचा पदरही खाली आला होता.

“चौदा,” ती म्हणाली. “लई दिवसापासून चौदा हाय, पटवारी.” आणि ती मोठ्यानं रडायला लागली. गाठ निघाल्यापासून पहिल्यांदा.

दिगांबररावांनी तिथंच चिठ्ठी लिहिली. जागा, पोट. आणे, चौदा. खाली सही केली, जशी ते दप्तरावर करायचे तशी, लांब शेपटीची. मी सायकल काढली. डॉक्टरांनी चिठ्ठी वाचली, दिगांबररावांनीच लिहिलीय ना हे दोनदा विचारलं, आणि कपाटाची किल्ली घेतली. ते स्वतः मोटारसायकलवर घरी आले. इंजेक्शन दिल्यावर थोड्या वेळानं मायचा जबडा सैल पडला. दातांत धरून धरून फाटलेला गोधडीचा कोपरा मी तिच्या हातातून सोडवून घेतला.

त्यानंतर माय पाच आठवडे होती. डॉक्टर जमेल तसे यायचे, दिगांबरराव रोज यायचे. माय आणि दिगांबरराव शेतांवरून भांडायचे. नाला कुठे वळतो, विहीर कोणी खोदली, बोरी किती होत्या. माय बहुतेक वेळा जिंकायची. शेवटच्या दिवशी दुपारी त्यांनी विचारलं तेव्हा ती हसली आणि म्हणाली, “आता खरे दोन.” थोड्या वेळानं त्यांचं बोलणं ऐकता ऐकताच गेली. त्या वेळी ते टेकडीच्या शेताजवळ पोचले होते.

तीन दिवस माणसं येत राहिली. वस्तीतली आली, पाटील आले, शेटजी आले आणि एका बाजूनं बसून गेले. दिगांबरराव आले नाहीत. गावात कोणाचं नख दुखलं तरी जाणारा माणूस माझ्याकडे आला नाही, याचा मला आधी राग आला. चौथ्या दिवशी दुपारी त्यांची विसरलेली छत्री घेऊन मीच गेलो.

ते आपल्या घराच्या ओट्यावर बसले होते. मूलबाळ नव्हतं, घरात दुसरं कोणी नव्हतं. दार उघडं होतं, चूल पेटलेली दिसत नव्हती. मी पुढ्यात उभा राहिलो तरी त्यांनी वर पाहिलं नाही. इतकी वर्षं हा माणूस घरोघर विचारत फिरला आणि त्यांना एकदाही कोणी उलट विचारलं नव्हतं, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं. मीही नव्हतं विचारलं. मला माझीच लाज वाटली.

“किती आणे, पटवारी?”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ओठ थोडे हलले. बोलले नाहीत.

मी वाट पाहिली. समोरून दोन शेळ्या गेल्या, एक बाई पाण्याचा हंडा घेऊन गेली.

मी चपला काढल्या, छत्री भिंतीला टेकवली आणि त्यांच्या शेजारी बसलो. मला शेतं त्यांच्यासारखी पाठ नव्हती. पण पाच आठवडे पडवीत बसून जेवढी कानावर पडली होती तेवढी होती.

“चला, वेशीपासून निघू,” मी म्हणालो. “उजव्या हाताला पांढरी. काळी जमीन, वर थोडी चोपण. कोपऱ्यावर आंबा.”

मी पुढे जायला शब्द शोधत होतो.

“चिंच,” दिगांबरराव म्हणाले.

मी उठलो नाही.